काढून घेतलेला दावा

दिवाणी कोर्टात दाखल केलेला दावा काढून घ्यायचा असेल तर दोन प्रकारचे कागद देता येतात. एक असते पुरसीस. वादीला हा दावा पुढे चालवायचा नाही, सबब तो काढून घेत आहोत, एवढंच तिच्यात लिहिलेलं असतं. दुसरा असतो अर्ज. या दाव्यात अमुक दोष राहून गेला आहे, त्या दोषामुळे तो टिकणार नाही, म्हणून तो काढून घेण्याची आणि याच विषयावर नव्यानं दावा दाखल करण्याची परवानगी मिळावी, असं त्यात म्हटलेलं असतं. दोन्ही अर्ध्या पानात मावतात. पण नुसती पुरसीस दिली की त्या विषयापुरतं कोर्टाचं दार कायमचं बंद होतं, आणि अर्जावर परवानगी मिळाली तर ते उघडं राहतं. वकिलीच्या सुरुवातीच्या काळात मी एका शेतकऱ्याच्या दाव्यात अर्जाऐवजी पुरसीस दिली. पुढे बरीच वर्षं गेल्यावर, कायदा चांगला माहीत असताना, एका विधवा बाईंच्या दाव्यात मी अर्जच दिला, पण तो द्यायला फार उशीर केला. दोन्ही वेळा नुकसान अशिलाचं झालं.

तो शेतकरी आता हयात नाही. बाईंना मी हे लिहू का म्हणून विचारलं. त्या म्हणाल्या, "लिवा की. पर गावाचं नाव नगं." म्हणून गाव, साल आणि नाव यांतलं काहीही इथे येणार नाही.

पहिला दावा बांधाचा होता. पश्चिम महाराष्ट्रातल्या तालुका कोर्टात वकिली करणाऱ्याच्या कपाटात अशा फायली कायम असतात. शेजाऱ्यानं वर्षानुवर्षं नांगरताना बांध कोरत आणला, आणि एका उन्हाळ्यात यंत्र लावून आपल्याला हवा तिथे नवा बांध घातला, अशी तक्रार होती. माझे अशील म्हणाले, तीन गुंठे तरी गेले असतील. मी वादपत्रात तीन गुंठे लिहून टाकले. मोजणी झालेली नव्हती. भूमी अभिलेख कार्यालयात फी भरायची, मोजणीची तारीख लागेपर्यंत थांबायचं, मग नकाशाची क प्रत मिळण्याची वाट बघायची, एवढा धीर त्यांच्याकडे नव्हता. तो त्यांना द्यायचं काम माझं होतं, आणि हातात नवं काम आल्याच्या आनंदात मी ते केलं नाही.

अतिक्रमणाच्या दाव्यात नकाशा नसेल तर कोणत्या बाजूची, किती लांबीरुंदीची पट्टी परत द्यायची हे न्यायाधीशांना कळायला मार्ग नसतो. स्थावर मिळकत ओळखता येईल असं तिचं वर्णन वादपत्रात हवं, हे दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ७ नियम ३ मध्ये स्पष्ट लिहिलेलं आहे. प्रतिवादीच्या कैफियतीत नेमका हाच आक्षेप आला. बाररूममध्ये समोरचे वकील मला म्हणाले, "काढून घ्या, मोजणी करून पुन्हा दाखल करा, आमची काही हरकत नाही." ते वयानं आणि अनुभवानं मोठे होते. त्यांनी ते मनापासून म्हटलं होतं असं मला आजही वाटतं. मी त्याच दुपारी पुरसीस लिहिली, अशिलाची सही घेतली आणि दाखल केली. पुरसिशीवरून दावा निकाली निघाल्याची नोंद रोजनाम्यात झाली. घरी जाताना मला हलकं वाटलं होतं.

मोजणी झाली. अतिक्रमण निघालंही, तीन गुंठ्यांहून बरंच कमी, पण निघालं. क प्रत जोडून, चतुःसीमा नीट लिहून, नव्यानं कोर्ट फी भरून मी दुसरा दावा दाखल केला. मधल्या काळात प्रतिवादीनं वकील बदलला होता. नव्या वकिलांच्या कैफियतीतला पहिलाच मुद्दा असा होता की वादीनं याच विषयावरचा आधीचा दावा कोर्टाच्या परवानगीशिवाय काढून घेतला आहे, सबब हा दावा चालण्यास पात्र नाही. त्यावर प्राथमिक मुद्दा निघाला आणि दावा गेला.

दिवाणी प्रक्रिया संहिता १९०८ सालची आहे. तिच्या आदेश २३ मधला नियम १ हे सगळं ठरवतो. वादीला आपला दावा केव्हाही सोडून देता येतो, असं पोटनियम १ सांगतो. पोटनियम ३ मध्ये परवानगीची वाट आहे. दाव्याच्या स्वरूपातच दोष असेल आणि त्यापायी तो अपयशी ठरणार असेल, किंवा नव्यानं दावा करू देण्याजोगं पुरेसं कारण असेल, तर न्यायाधीश त्यांना योग्य वाटतील त्या अटी घालून परवानगी देऊ शकतात. पोटनियम ४ मध्ये परिणाम आहे: परवानगी न घेता काढून घेतलात तर त्या विषयावर पुन्हा दावा नाही, आणि समोरच्याचा खर्च देण्याची जबाबदारी येते ती वेगळीच. प्रतिवादीची हरकत नसणं म्हणजे कोर्टाची परवानगी असणं नव्हे. ती परवानगी मागावी लागते, कारण सांगून मागावी लागते, आणि ती आदेशात लिहिलेली असावी लागते. मी यातलं काहीच केलं नव्हतं. मी नियम वाचलेला होता, परीक्षेपुरता.

हा नियम जाचक आहे असं त्या वेळी मला वाटलं. आज वाटत नाही. दावा घालायचा, समोरच्याला तारखांना फिरवायचं, न्यायाधीशांचा कल बरा दिसेना झाला की काढून घ्यायचा आणि दुसऱ्या साहेबांपुढे पुन्हा घालायचा, असं करायला मोकळीक मिळाली तर प्रतिवादीनं जगायचं कसं? सरगुजा ट्रान्सपोर्ट सर्व्हिसच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयानं १९८६ मध्ये हेच तत्त्व उच्च न्यायालयातल्या रिट याचिकांनाही लावलं. तिथे ही संहिता जशीच्या तशी लागू नव्हती. तरीही न्यायालयाचं म्हणणं असं होतं की मुभा न घेता याचिका मागे घेणाऱ्याला त्याच कारणासाठी उच्च न्यायालयात पुन्हा रिट याचिका करू देणं सार्वजनिक धोरणाला धरून नाही. आपल्याला सोयीचं खंडपीठ शोधत फिरण्याची सवय मोडायला हवी. व्यक्तीच्या स्वातंत्र्याचा प्रश्न असलेल्या, बेकायदा अटकेविरुद्धच्या याचिका त्यांनी यातून वगळल्या. आज उच्च न्यायालयाच्या आदेशांत 'नव्यानं दाद मागण्याची मुभा ठेवून याचिका मागे घेतली' असे शब्द दिसतात, ते याच कारणानं आवर्जून मागून घेतलेले असतात.

बांधाच्या दाव्याकडे आज वळून बघताना पुरसिशीपेक्षा मला दुसरी गोष्ट अधिक डाचते. तो दावा काढून घेण्याची मुळात गरजच नव्हती. साक्षीपुरावा सुरू झाला नव्हता. आदेश ६ नियम १७ खाली वादपत्र दुरुस्त करून घेता आलं असतं. आदेश २६ नियम ९ खाली कोर्ट कमिशनर नेमून दावा चालू असतानाच मोजणी करून घेता आली असती. आणि काढूनच घ्यायचा होता तर परवानगी मिळण्यासारखी होती. स्वरूपाचा दोष कशाला म्हणायचं याची उदाहरणं सर्वोच्च न्यायालयानं व्ही. राजेंद्रन विरुद्ध अन्नासामी पांडियन या २०१७ च्या निकालात दिली आहेत. आवश्यक नोटीस न देणं, चुकीचं मूल्यांकन, अपुरी कोर्ट फी यांच्याबरोबर मिळकतीच्या ओळखीबद्दलचा गोंधळही त्या यादीत आहे. माझ्या अशिलाचा दोष अगदी तोच. पण मला तो खाडाखोडीचा कागद नजरेसमोर नको होता. कोऱ्या कागदावर पुन्हा सुरुवात करायची होती. ती माझी हौस होती, अशिलाची गरज नव्हती.

त्यांना मी काय सांगितलं, तेही लिहायला हवं. "टेक्निकल मुद्द्यावर गेला," असं मी म्हणालो. कोर्टाच्या आवारात हा शब्द फार चालतो. तो ऐकला की अशील न्यायव्यवस्थेला दोष देतो, वकिलाला देत नाही. त्यांनी अपील केलं नाही. पुढे शेजाऱ्यानं नव्यानं काही कोरलं असतं तर त्यावर वेगळा दावा करता आला असता, कारण या नियमातला 'विषय' म्हणजे नुसती जमीन नव्हे, दाद मागायला कारण झालेल्या घटना आणि मागितलेली दाद, असं १९७० च्या वल्लभ दास निकालानं सांगितलेलं आहे. पण जी पट्टी गेली होती ती गेलीच.

दुसऱ्या दाव्यातल्या बाईंना मी काकू म्हणतो. यजमान वारलेले, मूलबाळ नाही. यजमानांच्या नावची जमीन वारसानं त्यांच्या नावावर आलेली. दिराचा मुलगा जमीन बघायचा, बी-बियाणं आणायचा, त्यांना दवाखान्यात न्यायचा. बेंदराच्या आधी तो म्हणाला, सोसायटीच्या कर्जाला आणि पीकविम्याला सारखी तुमची सही लागते, दर वेळी तालुक्याला कशाला हेलपाटे घालता, एकदाच माझ्या नावानं कुलमुखत्यार करून टाकू. दुय्यम निबंधक कार्यालयात काकूंचा फोटो निघाला, अंगठा घेतला गेला. नंतर तलाठ्याकडून फेरफाराची नोटीस आली आणि शेजारच्या शाळकरी मुलीनं ती वाचून दाखवली, तेव्हा कळलं की ते बक्षीसपत्र होतं. सगळी जमीन पुतण्याच्या नावानं बक्षीस झाली होती.

नोटीस घेऊन काकू माझ्याकडे आल्या. मी नक्कल काढून आणली. जमीन त्यांच्याच वहिवाटीत होती, पुतण्या आता अडथळा करू लागला होता. इथे बक्षीसपत्र रद्द करून मागायचं हे कोणताही सावध वकील सांगेल. ज्यानं स्वतः दस्तावर सही केली आहे त्यानं तो दस्त रद्द करून मागावा, त्यासाठी विनिर्दिष्ट अनुतोष अधिनियमाचं कलम ३१ आहे, आणि त्याला मुदत कायद्याच्या अनुच्छेद ५९ प्रमाणे, फसवणूक कळल्यापासून ३ वर्षांची मुदत आहे. मी ते केलं नाही. मी फक्त निरंतर मनाईचा दावा घातला.

अज्ञानामुळे नव्हे. मला निंगव्वा विरुद्ध बायराप्पा हा १९६८ चा सर्वोच्च न्यायालयाचा निकाल तोंडपाठ होता. दस्त कोणत्या प्रकारचा आहे याबद्दलच फसवलं असेल तर तो मुळातच शून्य असतो. दस्ताचा प्रकार माहीत होता पण आतल्या मजकुराबद्दल फसवलं असेल तर तो रद्द करून घ्यावा लागतो. काकूंना तर कुलमुखत्यार म्हणून सांगितलं होतं. म्हणजे दस्त शून्य, शून्याला रद्द कशाला करायचं, असा माझा युक्तिवाद होता. तो मला फार आवडला होता. दस्ताचा प्रकार की मजकूर, हे अखेर पुराव्यावर ठरणार होतं, आणि पुरावा म्हणजे एका निरक्षर बाईची साक्ष विरुद्ध नोंदणीकृत दस्त, त्यावरचा फोटो आणि दोन साक्षीदार. न्यायाधीशांनी 'मजकुराबद्दलची फसवणूक' असं ठरवलं असतं तर काकूंच्या हातात काहीच उरलं नसतं. दस्त शून्य असल्याचं जाहीर व्हावं आणि तसं नसल्यास तो रद्द व्हावा, अशी पर्यायी मागणी एका ओळीत करता आली असती.

तात्पुरती मनाई मिळाली, म्हणजे आमच्या भाषेत निशाणी ५ मंजूर झाली. त्यानं माझा विश्वास आणखी वाढला. कैफियतीत पुतण्याच्या वकिलांनी लिहिलं होतं की दस्त रद्द करून मागितल्याशिवाय नुसता मनाईचा दावा चालत नाही. न्यायाधीशांनी मुद्दे काढले तेव्हा त्यातही हा प्रश्न होता. दोन्ही वेळा मला ते आव्हान वाटलं, सूचना वाटली नाही. मी काकूंचं पुराव्याचं शपथपत्र दाखल केलं. साक्षीपुरावा सुरू झाला की दुरुस्तीची वाट अरुंद होते, हे मला ठाऊक होतं. २००२ च्या सुधारणेनं आदेश ६ च्या नियम १७ ला जोडलेलं परंतुक असं की तोवर योग्य ती दक्षता घेऊनही हा मुद्दा आधी मांडता आला नसता, अशी खात्री पटली तरच कोर्ट दुरुस्ती करू देतं. आणि मला तर सगळं पहिल्या दिवसापासून माहीत होतं.

माझ्या कार्यालयातल्या ज्युनिअर मुलीनं एका संध्याकाळी अनातुला सुधाकरचा २००८ चा निकाल माझ्यापुढे ठेवला. मालकीवरच सावट आलेलं असेल तर नुसत्या मनाईच्या दाव्यानं भागत नाही, असं त्यात आहे. मी तो आधी वाचलेला होता. तिनं विचारलं, "सर, आपल्या केसमध्ये हे लागत नाही का?" तिला उत्तर देता देता मला स्वतःच्या युक्तिवादातली भेग दिसली. मग फाईल उघडून मी फेरफाराच्या नोटिशीची तारीख बघितली. तीन वर्षं संपायला थोडे महिने उरले होते.

तरी मी लगेच हललो नाही. दाव्यात गेलेला काळ मुदतीतून वजा होईल, असं मी स्वतःला सांगत राहिलो. मुदत कायद्याच्या कलम १४ मध्ये चुकीच्या कोर्टात प्रामाणिकपणे घालवलेला काळ वगळण्याची सोय आहे, ती इथे ओढून बसवायचा मी प्रयत्न केला. ती बसत नाही. परवानगीनं काढून घेतलेल्या दाव्याला ती सोय मिळते, पण दोष कोर्टाच्या अधिकारक्षेत्राचा किंवा त्याच जातीचा असेल तरच, असं त्याच कलमाचं पोटकलम ३ सांगतं. मागणीच करायची राहून गेली, हा त्या जातीचा दोष नाही. इतर दाव्यांसाठी आदेश २३ चा नियम २ आहे. तो म्हणतो की परवानगी घेऊन नवा दावा घातला तरी मुदतीपुरतं असं धरायचं, की पहिला दावा कधी झालाच नव्हता.

या नियमापाशी मी आजही थांबतो. परवानगी दार उघडं ठेवते, पण घड्याळ थांबवत नाही. कैफियत आली त्या दिवशी मी माझा हट्ट सोडला असता तर काकूंजवळ दोन वर्षांहून जास्त काळ शिल्लक होता. दुरुस्तीचा साधा अर्ज पुरला असता. मी युक्तिवाद सांभाळत बसलो, आणि तो सगळा काळ काकूंच्या मुदतीतून गेला. वादपत्रात चूक राहणं कोणत्याही वकिलाच्या हातून होतं. ती कळल्यावर घालवलेल्या वेळाबद्दल मला स्वतःला माफ करता येत नाही.

काकूंना बोलावलं. त्या भाच्याला घेऊन आल्या. मी म्हणालो, "काकू, हा दावा काढून घ्यावा लागेल आणि नवा घालावा लागेल."

"म्हंजे हरलो का आपण?"

"नाही, हरलो नाही. यात एक मागणी करायची राहिली आहे."

"कुणाची राहिली? मी सांगायची राहिली का?"

बांधाच्या दाव्यात वापरलेला शब्द पुन्हा जिभेवर आला होता. मी तो गिळला आणि सांगितलं की तुम्ही सगळं सांगितलं होतं, मी लिहिलं नाही, चूक माझी आहे. भाचा उठून उभा राहिला. काकूंनी त्याला हातानं बसवलं. "आता पुढचं बोला साहेब," एवढंच त्या म्हणाल्या. घेतलेली फी मी परत केली. त्याबद्दल त्या काही बोलल्या नाहीत, आणि आभार मानले नाहीत हे बरंच झालं.

अर्ज दिला. समोरच्यांचा से, म्हणजे लेखी म्हणणं, आला: वादी स्वतःच्या केसमधल्या उणिवा भरून काढू पाहत आहे, हा स्वरूपाचा दोष नव्हे, मुळावरचा दोष आहे, अर्ज फेटाळावा. त्यांचं म्हणणं चुकीचं नव्हतं. के. एस. भूपती विरुद्ध कोकिला या २००० च्या निकालात सर्वोच्च न्यायालयानं अशी परवानगी सरसकट देऊ नये, दोन्ही बाजू बघून सावधपणे द्यावी, असं बजावलेलं आहे. मी दोष स्वरूपाचा असल्याचा मुद्दा ताणला नाही. 'पुरेसं कारण' या दुसऱ्या भागावर भर दिला: वादी वृद्ध आणि निरक्षर आहे, वादपत्रातली उणीव वकिलाची आहे, मुदत अजून शिल्लक आहे, प्रतिवादीच्या हक्काचा निवाडा अजून झालेला नाही. न्यायाधीशांनी खर्चाची रक्कम ठरवली, ती प्रतिवादीला दिल्यावरच नवा दावा दाखल करायचा अशी अट घातली आणि परवानगी दिली. ती रक्कम मी भरली.

तरीही एक गोष्ट मी आधी करून ठेवली नव्हती. दावा काढून घेतला की त्यातली तात्पुरती मनाई त्या क्षणी संपते. मिळकतीचा वाद कोर्टात चालू असताना ती विकली तर घेणारा निकालाला बांधील राहतो, ते मालमत्ता हस्तांतरण कायद्याच्या कलम ५२ चं संरक्षणही तो दावा संपला की उरत नाही. म्हणून नवा दावा टाईप होऊन, सह्या होऊन, शपथपत्रासह तयार असायला हवा आणि मगच जुन्या दाव्यावर आदेश घ्यायला हवा. माझा नवा दावा अर्धवट होता, आणि मूळ कागद जुन्या फायलीतच होते. ते परत मिळण्याचा अर्ज, नकलांचे अर्ज, यात उन्हाळी सुट्टी तोंडावर आली. पुतण्यानं एका सकाळी शेतात ट्रॅक्टर घातला आणि काकूंनी राखलेला कडब्याचा ढीग बांधावर फेकून दिला. भाच्याचा फोन आला तेव्हा मी टाईप केलेलं वादपत्र तपासत होतो. काकू शेतात उभ्या होत्या आणि त्या दिवशी त्यांच्या हातात कोर्टाचा कोणताही कागद नव्हता. सुट्टी लागण्याआधी दावा दाखल झाला, मुदतीत झाला, मनाई पुन्हा मिळाली. कोर्ट फी काकूंना लागली नाही, कारण मिळकतीच्या वादांत स्त्रियांना ती माफ करणारी राज्य शासनाची १९९४ ची अधिसूचना आहे. बांधाच्या अशिलानं मात्र ती दोनदा भरली होती.

नव्या वादपत्रात मी आदेश ६ नियम ४ पाळला. फसवणुकीचा आरोप करायचा तर तपशील द्यावा लागतो, तारखांसह. पहिल्या वादपत्रात 'वादीच्या अज्ञानाचा व विश्वासाचा गैरफायदा घेऊन' एवढंच होतं. आता सगळं आलं: कोणत्या सणाच्या आधी, कोणाच्या गाडीतून नेलं, काय सांगितलं, ओळख पटवायला कोण उभं होतं, दस्त वाचून दाखवला का. यातलं नवं काहीच नव्हतं. पहिल्या भेटीत काकूंनी हे सांगितलं होतं आणि माझ्या पॅडवर माझ्याच अक्षरात ते लिहिलेलं होतं.

काढून घेतलेला दावा कागदावरून नाहीसा होत नाही. काकूंच्या उलटतपासणीत समोरच्या वकिलांनी जुन्या वादपत्राची सहीशिक्क्याची नक्कल त्यांच्यासमोर धरली. यात गाडीचा उल्लेख नाही, कुलमुखत्यारचा उल्लेख नाही, वाचून न दाखवल्याचा उल्लेख नाही. ही सगळी हकिकत तुम्ही नंतर रचलेली आहे, असं त्यांनी सुचवलं. काकू म्हणाल्या, "मी समदं सांगितलं हुतं. वकिलांनी लिवलं न्हाई." न्यायाधीशांनी ते उत्तर नोंदवून घेतलं. मी फेरतपासणी घेतली नाही. घेणार तरी काय?

त्याच दिवशी मला कळलं की या दाव्यात मी वकील म्हणून उभं राहायलाच नको होतं. ज्या प्रकरणात आपल्याला साक्षीदार व्हावं लागेल असं दिसतं त्याचं वकीलपत्र घेऊ नये, असा बार कौन्सिल ऑफ इंडियाचा नियम आहे. नवा दावा घालताना, जुन्या वादपत्रातला दोष माझा आहे हे अर्जात लिहितानाच, मला हे दिसायला हवं होतं. मी काकूंना दुसरे वकील गाठून दिले आणि त्यांच्या वकीलपत्राला ना हरकत दिली. वकील आणि अशील यांच्यातलं बोलणं अशिलाच्या स्पष्ट संमतीशिवाय उघड करता येत नाही. काकूंनी ती संमती लेखी दिली.

मी पिंजऱ्यात उभा राहिलो आणि शपथ घेतली. पॅडची पानं हजर केली. उलटतपासणीत मला विचारलं गेलं की तुम्हाला हे सगळं माहीत होतं तर एवढा अनुभवी वकील ते वादपत्रात कसं लिहीत नाही. मी सांगितलं की मला ते अनावश्यक वाटलं, माझा भर कायद्याच्या मुद्द्यावर होता आणि माझा अंदाज चुकला. पुढचा प्रश्न आला की तुम्ही स्वतःची चूक झाकण्यासाठी आणि वादीला मदत करण्यासाठी आज खोटं सांगत आहात. मी म्हणालो, हे म्हणणं खरं नाही.

बक्षीसपत्र रद्द झालं. न्यायाधीशांनी निकालात माझ्या साक्षीवर विश्वास ठेवला आणि जुन्या वादपत्रातल्या उणिवेचा दोष वादीवर टाकला नाही. पुतण्यानं जिल्हा न्यायालयात अपील केलं आहे, त्यात पहिलाच मुद्दा जुन्या वादपत्राचा आहे. काकू तारखेला येतात तेव्हा नव्या वकिलांच्या टेबलापाशी बसतात. जेवणाच्या सुट्टीत मी तिथे जातो आणि त्यांना हवे असतील ते कागद काढून देतो.